बॅथिबियस म्हणजे काय? हक्सलेंना सापडलेला 'जीव' बरणीतच तयार झाला होता

'डार्विनचा बुलडॉग' म्हणून ओळखले जाणारे थॉमस हेन्री हक्सले (1825-1895) एकदा चांगलेच फसले होते.

1857 मध्ये टेलिग्राफ केबलसाठी 'सायक्लॉप्स' जहाजाने अटलांटिकच्या तळाची पाहणी केली. वर काढलेला गाळ स्पिरिटमध्ये ठेवला गेला. 1868 मध्ये हक्सलेंनी तो पुन्हा सूक्ष्मदर्शकाखाली पाहिला, तर त्यात जेलीसारखा चिकट पदार्थ! तो जिवंत आहे, असं त्यांना वाटलं. नाव दिलं 'बॅथिबियस हेकेली'. ग्रीकमध्ये 'बॅथिस' म्हणजे खोल, 'बायोस' म्हणजे जीवन. हेकेली हे जर्मन शास्त्रज्ञ अर्न्स्ट हेकेल यांच्यावरून. हेकेलना तर यात सजीवसृष्टीचं मूळच दिसलं.

1872 मध्ये 'चॅलेंजर' जहाज समुद्राच्या अभ्यासाला निघालं. ताज्या गाळात बॅथिबियस काही सापडेना. जहाजावरचे रसायनशास्त्रज्ञ जॉन बुकानन यांनी छडा लावला: समुद्राच्या पाण्यात स्पिरिट मिसळलं की कॅल्शियम सल्फेटचा साका बनतो. बॅथिबियस म्हणजे तोच साका.

'चॅलेंजर' परतण्याआधीच, 1875 मध्ये हक्सलेंनी 'नेचर'मध्ये चूक कबूल केली. नाव त्यांनीच ठेवलेलं, त्यामुळे हे सोपं नव्हतं. हेकेल मात्र पुढेही अडून राहिले.

त्याच गाळातल्या सूक्ष्म चकत्यांना हक्सलेंनी दिलेलं 'कोकोलिथ' हे नाव आजही वापरात आहे.