अनंत माने : संकलनाच्या टेबलापासून तमाशापटापर्यंत

चित्रपट पाहून बाहेर पडताना आपल्या ओठांवर नटनट्यांची, गाण्यांची आणि फार तर दिग्दर्शकाची नावे असतात. संकलकाचे नाव क्वचितच निघते. त्याचे काम जितके सरस, तितके ते प्रेक्षकाला जाणवेनासे होते. मराठी तमाशापटाचा अभ्यास करताना मात्र ही उपेक्षा आपल्याला परवडणार नाही. कारण या प्रकाराला लोकप्रियतेच्या शिखरावर नेणारे दिग्दर्शक अनंत माने (1915–1995) संकलनाच्या टेबलावर घडले होते.

माने यांचा जन्म कोल्हापूरचा. याच शहरात 1929 मध्ये प्रभात फिल्म कंपनी स्थापन झाली आणि 1933 मध्ये ती पुण्याला गेली. प्रभातच्या संकलन विभागात माने यांनी उमेदवारी केली. तेथील काम कसे होते, हे आपण लक्षात घ्यावे. बोलपटाची फिल्म मिनिटाला नव्वद फूट धावते. म्हणजे चार मिनिटांचे गाणे सुमारे तीनशे साठ फुटांचे होते. ही फिल्म हातांनी कापायची, तुकडे जोडायचे आणि चित्राशी ध्वनी तंतोतंत जुळवायचा. प्रसंग कोठे लांबतो, प्रेक्षक कोठे कंटाळतो, याचे भान अशा कामातून येते.

हे भान पुढे उपयोगी पडले ते तमाशाच्या संदर्भात. महाबळेश्वरी उगम पावलेली कृष्णा वाई, कऱ्हाड, सांगलीकडे वाहत जाते. तिच्या परिसरातील गावांत तमाशाला मोठा आश्रय होता. पठ्ठे बापूराव हे याच भागातील रेठरे हरणाक्षचे. परंतु गण, गवळण, बतावणी, लावणी आणि वग असा रात्रभर चालणारा खेळ दोन-अडीच तासांच्या चित्रपटात बसवणे सोपे नव्हते. ‘लोकशाहीर रामजोशी’ (1947) या चित्रपटाने वाट दाखवली होती. माने यांनी तिचा राजमार्ग केला.

‘सांगत्ये ऐका’ (1959) हा त्याचा उत्तम दाखला. तमाशात वाढलेली तरुणी पाटलाच्या अत्याचाराची कथा फडाच्या मंचावरून त्याच्याच गावासमोर मांडते. येथे तमाशा कथेला जोडलेली करमणूक राहत नाही. तो फिर्यादीचे साधन होतो. व्यंकटेश माडगूळकर यांची पटकथा, ग. दि. माडगूळकर यांची गीते, वसंत पवार यांचे संगीत आणि जयश्री गडकर, हंसा वाडकर यांचा अभिनय यांना माने यांनी एका गतीत बांधले. पुण्याच्या विजयानंद चित्रपटगृहात हा चित्रपट सुमारे अडीच वर्षे चालला.

या यशाची दुसरी बाजूही आपण पाहिली पाहिजे. पाटील, फड, लावणी आणि सूड हा साचा पुढे इतका गिरवला गेला, की तमाशापट म्हणजे ठरीव चित्रपट अशी समजूत रूढ झाली. माने यांनी ‘अवघाचि संसार’ (1960), ‘मानिनी’ (1961) असे कौटुंबिक चित्रपटही दिले. तरी त्यांची ओळख तमाशापटाशीच बांधली गेली. व्ही. शांताराम यांच्या ‘पिंजरा’ (1972) या चित्रपटाच्या कथालेखनातही त्यांचा वाटा होता.

साचेबंद म्हणून ज्या प्रकाराकडे अभ्यासक पाठ फिरवतात, त्यामागेही कसलेले हात असतात, हे माने यांच्या वाटचालीवरून ध्यानी येते. लोकप्रिय कलाकृतीचे मूल्यमापन करताना कथेबरोबर तिची बांधणीही तपासावी.

स्वाध्याय : आपण पाहिलेल्या एखाद्या तमाशापटातील लावणीचा प्रसंग निवडा. तो वगळल्यास कथा अपुरी राहते की तशीच पुढे सरकते, हे सकारण लिहा.