फादर थॉमस स्टीफन्स : धर्मसेवा आणि पुराणरचना

मराठी वाङ्मयाच्या इतिहासात फादर थॉमस स्टीफन्स यांचा निर्देश ‘क्रिस्तपुराणा’चे कर्ते म्हणून होतो. तथापि हे पुराण म्हणजे एखाद्या भाषापंडिताची हौस नव्हे. गोव्यातील जवळजवळ चाळीस वर्षांच्या धर्मसेवेत सामोऱ्या आलेल्या एका प्रश्नाचे ते उत्तर होय.

इंग्लंडमधील विल्टशर परगण्यात १५४९ च्या सुमारास त्यांचा जन्म झाला. एलिझाबेथ राणीच्या राजवटीत तेथे कॅथलिकांना उघडपणे धर्माचरण करणे दुष्कर झाले होते. १५७५ मध्ये रोम येथे ते येशूसंघात दाखल झाले आणि ४ एप्रिल १५७९ रोजी लिस्बनहून निघून ऑक्टोबरात गोव्यास पोहोचले. मायदेशी दडपला गेलेला त्यांचा धर्म येथे राजसत्तेचा धर्म होता.

त्यांचे कार्यक्षेत्र असलेल्या साष्टीत १५६७ मध्ये देवालये पाडली गेली होती. जुलै १५८३ मध्ये कुंकळ्ळी येथे, अकबराच्या दरबारातून परतलेले रुदोल्फ आक्वाविवा यांच्यासह पाच येशूसंघीय मारले गेले; पुढे गावच्या पुढाऱ्यांनाही पोर्तुगीजांनी ठार केले. त्याच वर्षी पॅरिसमधील आपल्या भावास लिहिलेल्या पत्रात स्टीफन्स यांनी या घटनेबरोबरच येथील भाषांचे ग्रीक व लॅटिनशी असलेले साम्यही नमूद केले, हे लक्षणीय आहे.

बळाने बदललेल्या समाजात श्रद्धा रुजावी कशी, हा खरा प्रश्न होता. जुनी पुराणे निषिद्ध झाली, पण त्यांच्या जागी नवी का दिली नाहीत, अशी नवख्रिस्ती श्रोत्यांची पृच्छा ग्रंथारंभीच आली आहे. १६१६ मध्ये राचोल येथे छापलेल्या या ग्रंथात सुमारे अकरा हजार ओव्या आहेत. स्वर्गासाठी वैकुंठ यांसारखे रूढ शब्द स्वीकारून त्यांनी बायबलची कथा मराठी पुराणपरंपरेत आणली. कोकणी भाषकांसाठी त्यांनी धर्मशिक्षणाचे पुस्तक आणि व्याकरणही रचले. १६१९ मध्ये त्यांचे निधन झाल्यानंतर ही दोन्ही अनुक्रमे १६२२ व १६४० मध्ये राचोलला प्रसिद्ध झाली.

ज्या सत्तेच्या आश्रयाने हे कार्य घडले, तिनेच १६८४ मध्ये ख्रिस्ती समाजातील देशी भाषेच्या वापरावर बंदी घातली. पुराण मात्र भाविकांच्या पठणात टिकले आणि १९०७ मध्ये मंगळूर येथे पुन्हा रोमन लिपीत छापले गेले. देशी लिपीत ग्रंथ छापावेत म्हणून स्टीफन्स यांनी १६०८ मध्येच रोमला, संघाच्या प्रमुखांना विनंती केली होती. १९५६ मध्ये शांताराम बंडेलू यांच्या संपादनाखाली क्रिस्तपुराण पुण्यातून देवनागरीत निघाले. त्या विनंतीस तोवर ३४८ वर्षे लोटली होती.