वैद्य गार्सिया द ऑर्ता : दंतकथा आणि सत्य

पाखंडखटल्यांच्या इतिहासांत दंतकथा पुष्कळ शिरल्या आहेत. म्हणून आम्ही एकाच चरित्राकडे वाचकांचें लक्ष वेधतों.

पोर्तुगीज वैद्य गार्सिया द ऑर्ता १५३४ सालीं गोव्यास आले. त्यांचे आईबाप सक्तीनें ख्रिस्ती झालेले यहुदी होते. अहमदनगरच्या बुऱ्हाण निजामशहाचे ते वैद्य व स्नेही. मुंबई बेटहि त्यांच्याकडे खंडानें होतें. येथील औषधींवरील त्यांचा ग्रंथ १५६३ सालीं गोव्यांतच छापला गेला. तेथें १५६० पासून धर्मन्यायसभा स्थापन झाली होती.

ऑर्तांना जिवंत जाळलें असें कोणी म्हणेल, तर तें खरें नव्हे. १५६८ सालीं ते वारले, तोंवर त्यांच्यावर खटला झाला नव्हता. परंतु सत्य सौम्य नाहीं. गुप्तपणें यहुदी धर्म पाळल्याच्या आरोपावरून त्यांची बहीण कातारिना हिला पुढच्याच वर्षीं जाळण्यांत आलें. १५८० सालीं ऑर्तांचीं हाडें उकरून तींहि जाळलीं.

त्या सभेपुढें १७७४ पर्यंत सुमारें १६ हजार खटले चालले. बहुतेकांस मृत्युदंड झाला नाहीं. तथापि तेवढ्यानें कातारिनेची यातना उणी होत नाहीं. २००० च्या जुबिलीवर्षीं पोप दुसरे जॉन पॉल यांनीं धर्माच्या नांवानें झालेल्या अशा जुलुमांबद्दल देवाजवळ क्षमा मागितली. आपल्या जुबिलीच्या आनंदांत आम्ही हें फुगवीत नाहीं, झांकीतहि नाहीं. त्या क्षमायाचनेंत सामील होतों.