स्वातंत्र्याच्या बदल्यात बेटं द्यावी लागली : मॉरिशसच्या चाचा रामगुलाम यांची गोष्ट

रत्नागिरी, सावंतवाडी भागातली माणसं दीडशे वर्षांपूर्वी मुंबई बंदरातून गिरमिटावर मॉरिशसला गेली. आजही तिथल्या मराठी घरांत गणपती बसतो, जाखडी होते, शाळेत मराठी शिकवली जाते. गणेश चतुर्थीला तिथे सरकारी सुट्टी असते. मॉरिशसचं मुख्य बेट १,८६५ चौरस किलोमीटरचं. आपला सिंधुदुर्ग जिल्हा ५,२०७ चौरस किलोमीटरचा. म्हणजे जिल्ह्याच्या निम्म्याहूनही लहान.

या एवढ्याशा देशाच्या नाण्यांवर एकाच माणसाचा चेहरा आहे, सर शिवसागर रामगुलाम यांचा. लोक त्यांना चाचा म्हणायचे. ते मॉरिशसचे पहिले पंतप्रधान. लष्कर नाही, पैसा नाही, एकाच पिकावर पोट, अशा देशाला त्यांनी स्वातंत्र्य मिळवून दिलं. पण त्या स्वातंत्र्यासाठी देशाचा एक तुकडा सोडावा लागला. तो सोडायला होकार त्यांनीच दिला होता, आणि हा हिशोब आजही चुकता झालेला नाही.

मजुराच्या घरातला मुलगा

शिवसागर यांचा जन्म १८ सप्टेंबर १९०० चा, फ्लाक जिल्ह्यातल्या बेल रिव्ह गावातला. वडील मोहित रामगुलाम बिहारमधून उसाच्या मळ्यात राबायला आलेले. आई बासमती. घरी मुलाला केवल म्हणत. मुलगा सात वर्षांचा असताना वडील वारले. बाराव्या वर्षी गोठ्यात अपघात झाला आणि डावा डोळा गेला. तरी शिक्षण सुटलं नाही. संध्याकाळी गावच्या बैठकेत हिंदी आणि धर्माचे धडे, दिवसा सरकारी शाळा, पुढे क्युरपिपचं रॉयल कॉलेज, असं करत ते १९२१ मध्ये डॉक्टर व्हायला लंडनला गेले.

लंडनमध्ये ते थोडीथोडकी नाही, चौदा वर्षं राहिले. डॉक्टरकी शिकता शिकता राजकारणही शिकले. फेबियन समाजवाद्यांची विचारसरणी तिथेच अंगी मुरली. भारताच्या स्वातंत्र्याची चळवळही त्यांनी तिथून जवळून पाहिली. १९३५ मध्ये ते परत आले आणि पोर्ट लुई शहरात दवाखाना सुरू केला.

त्या वेळी मॉरिशसमध्ये जमीन आणि साखर कारखाने मूठभर फ्रेंच वंशाच्या कुटुंबांच्या हातात होते. राज्य इंग्रजांचं, आणि राबणारी जनता बहुतांश भारतीय वंशाची. १९३७ मध्ये छोट्या शेतकऱ्यांच्या उबा जातीच्या उसाचा दर कारखान्यांनी पाडला. त्यावरून युनियन फ्लाक मळ्यावर लोक उसळले, गोळीबार झाला, मजूर मेले. उसाच्या दराचं दुखणं काय असतं, हे इथल्या शेतकऱ्याला वेगळं सांगायला नको.

सही करता आली की मत

रामगुलाम १९४० मध्ये विधान परिषदेत नियुक्त सदस्य म्हणून गेले. तोवर मतदार होते जेमतेम १२ हजार, कारण मालमत्ता आणि उत्पन्नाची अट होती. नव्या राज्यघटनेनं ती सैल केली. कुठल्याही एका भाषेत साधं लिहिता-वाचता आलं की मत मिळू लागलं. गावोगाव बैठकांमध्ये मजूर अक्षरं गिरवायला बसले. बिसुनदयाल बंधूंनी यासाठी फार कष्ट घेतले. १९४८ च्या निवडणुकीत मतदार ७० हजारांच्या वर गेले, आणि रामगुलाम निवडून आले.

पुढे मजूर पक्षाची धुरा त्यांच्याकडे आली. १९५९ मध्ये सर्व प्रौढांना मतदानाचा हक्क मिळाला. १९६१ मध्ये ते मुख्यमंत्री झाले. आता एकच पायरी उरली होती, पूर्ण स्वातंत्र्य. आणि नेमकी तिथेच माशी शिंकली.

नकाशावरचा एक ठिपका

मॉरिशसपासून समुद्रात सुमारे २,२०० किलोमीटरवर चागोस नावाचा बेटांचा पुंजका आहे. ब्रिटिशांच्या काळात त्याचा कारभार मॉरिशसमधूनच चाले. बेटांवर नारळाच्या बागा, खोबऱ्याचा धंदा, आणि पिढ्यानपिढ्या राहणारी दीड-दोन हजार माणसं. त्यातलं सगळ्यात मोठं बेट दिएगो गार्सिया. साठच्या दशकात अमेरिकेला हिंद महासागरात लष्करी तळ हवा होता. उद्या स्वतंत्र होणाऱ्या देशाच्या ताब्यात तो भाग राहिला तर तळाचा भरवसा नाही. म्हणून ब्रिटनने ही बेटं मॉरिशसपासून तोडून स्वतःकडे ठेवायचं ठरवलं.

१९६५ च्या जुलैमध्ये गव्हर्नरने ही गोष्ट मॉरिशसच्या मंत्र्यांच्या कानावर घातली. मंत्र्यांनी बेटं तोडायला विरोध केला. तळ पाहिजे तर ९९ वर्षांच्या भाडेपट्ट्यानं घ्या, मालकी आमचीच राहू द्या, असं त्यांचं म्हणणं होतं. शेत खंडानं करा, पण सातबारा आमच्या नावावर, असा साधा हिशोब. तो ब्रिटनला मान्य नव्हता.

सप्टेंबर १९६५ मध्ये लंडनच्या लँकेस्टर हाऊसमध्ये मॉरिशसच्या राज्यघटनेवर परिषद भरली. मॉरिशसमध्येच स्वातंत्र्यावर एकमत नव्हतं. बहुसंख्याकांचं राज्य येईल या भीतीनं विरोधी पक्षाला ब्रिटनशी जोडून राहायचं होतं, आणि त्यासाठी त्यांना सार्वमत हवं होतं. सार्वमत झालं असतं तर स्वातंत्र्य लांबलं असतं, कदाचित हुकलंही असतं. ही नस ब्रिटनला माहीत होती.

२३ सप्टेंबरला सकाळी ब्रिटिश पंतप्रधान हॅरॉल्ड विल्सन यांनी रामगुलाम यांना भेटीला बोलावलं. मॉरिशसचे बाकीचे मंत्री त्या भेटीत नव्हते. रामगुलाम यांना एकाच वेळी आशा दाखवा आणि धाकही घाला, असा सल्ला सचिवानं विल्सन यांना आदल्या दिवशी लिहून दिला होता. भेटीत विल्सन यांनी सांगितलं ते असं : रामगुलाम मायदेशी स्वातंत्र्य घेऊनही जाऊ शकतात आणि न घेताही. बेटं तर त्यांच्या संमतीशिवाय नुसत्या राजाज्ञेनेही तोडता येतात. पण संमतीनं झालेलं सगळ्यांत बरं.

त्याच दिवशी दुपारच्या बैठकीत तत्त्वतः होकार झाला. बदल्यात तीस लाख पौंड भरपाई, संरक्षण करार, आसपासच्या समुद्रात मासेमारीच्या हक्कासाठी प्रयत्न, तेल किंवा खनिज सापडलं तर त्याचा लाभ, आणि संरक्षणासाठी गरज संपली की बेटं परत, अशी आश्वासनं मिळाली. दुसऱ्या दिवशी, २४ सप्टेंबरला, मॉरिशसला स्वातंत्र्य देणार असल्याची घोषणा ब्रिटनने केली. नोव्हेंबरमध्ये मॉरिशसच्या मंत्रिमंडळानेही संमती दिली. विरोधी पक्षाचे मंत्री सरकारातून बाहेर पडले, पण त्यांचं भांडण मुख्यतः मोबदला कमी मिळाला यावरून होतं.

८ नोव्हेंबर १९६५ ला राजाज्ञा निघाली आणि चागोस ही ब्रिटनची वेगळी वसाहत झाली. वसाहतीला स्वातंत्र्य देताना तिचे तुकडे करू नयेत, असा संयुक्त राष्ट्रांचा ठराव १९६० मध्येच झाला होता. मॉरिशसचं नाव घेऊन आणखी एक ठराव डिसेंबर १९६५ मध्ये झाला. कुणी ऐकलं नाही. अमेरिकेनेही गुपचूप ब्रिटनला क्षेपणास्त्रांच्या खरेदीत १ कोटी ४० लाख डॉलरची सूट दिली.

लष्कर नसलेला देश

सार्वमत टळलं, त्याऐवजी निवडणूक झाली. ऑगस्ट १९६७ मध्ये रामगुलाम यांच्या आघाडीनं साधारण ५६ टक्के मतं घेऊन बहुमत मिळवलं. म्हणजे जवळपास निम्मा देश विरोधात होता. जानेवारी १९६८ मध्ये पोर्ट लुईत मुस्लिम आणि क्रिओल वस्त्यांमध्ये दंगल पेटली. ती आवरायला ब्रिटिश सैन्य विमानानं आणावं लागलं. दोन महिन्यांवर स्वातंत्र्य आलेलं, आणि घरातली आग विझवायला जुन्याच मालकाला हाक मारायची वेळ.

१२ मार्च १९६८ ला मॉरिशस स्वतंत्र झाला. गांधीजींच्या दांडी यात्रेचा दिवस म्हणून ही तारीख मुद्दाम निवडली होती. तेव्हा लोकसंख्या ८ लाखांच्या आसपास आणि निर्यातीतला नव्वद टक्क्यांहून जास्त वाटा एकट्या साखरेचा. साखरेचा भाव पडला की देश आडवा.

रामगुलाम यांनी लष्कर उभारलंच नाही. पोलिसांचंच एक विशेष दल ठेवलं. लष्करावर जाणारा पैसा वाचला आणि लष्करी बंडाची भीतीही राहिली नाही. बाहेरच्या संरक्षणासाठी सुरुवातीला ब्रिटनशी सहा वर्षांचा करार होता. पुढे त्यांनी सगळ्यांशीच मैत्री ठेवली. सोव्हिएत संघाशी मासेमारीचा करार केला, फ्रान्सशी जवळीक ठेवली, भारताकडून १९७४ मध्ये ‘अमर’ ही गस्ती नौका मिळाली. युरोपशी साखरेचा करार होऊन दरवर्षी सुमारे पाच लाख टन साखर ठरल्या भावानं विकायची सोय झाली. १९७६ मध्ये आफ्रिकी एकता संघटनेची शिखर परिषद पोर्ट लुईत भरली, आणि रामगुलाम तिचे अध्यक्ष झाले.

पण सत्ता टिकवताना त्यांचाही हात कठोर झाला. १९७१ मध्ये गोदी कामगारांचा संप झाला, तेव्हा आणीबाणी लावली, विरोधी नेत्यांना तुरुंगात घातलं. १९७२ ला व्हायची निवडणूक थेट १९७६ मध्ये झाली. दुसऱ्या बाजूनं, शिक्षण सगळ्यांना मोफत करण्याचा निर्णयही त्यांचाच. मजुरांची मुलं डॉक्टर-वकील झाली ती त्यामुळे.

ज्यांना कुणी विचारलंच नाही

या सगळ्या व्यवहारात चागोसच्या लोकांना कुणी विचारलंच नव्हतं. १९६८ ते १९७३ या काळात त्यांना बेटांवरून हलवलं गेलं. काही जण औषधपाण्याला मॉरिशसला आले होते, त्यांना परत जायला बोटच मिळाली नाही. शेवटी उरलेल्यांना बोटीत भरलं, त्यांची पाळलेली कुत्री मारून टाकली. ही माणसं पोर्ट लुईच्या झोपडपट्ट्यांत येऊन पडली. त्यांच्या पुनर्वसनासाठी ब्रिटनने साडेसहा लाख पौंड दिले होते. ते रामगुलाम सरकारकडे वर्षानुवर्षं पडून राहिले, १९७७-७८ मध्ये कुठे वाटप झालं. तोवर महागाईनं त्या पैशाची किंमत उतरली होती. याचा दोष ब्रिटनवर ढकलता येत नाही.

१९८० मध्ये रामगुलाम यांनी दिएगो गार्सिया परत मागायला सुरुवात केली. आफ्रिकी एकता संघटनेनेही तसा ठराव केला. पण उशीर झाला होता. १९८२ च्या निवडणुकीत विरोधकांनी मुख्य बेटाच्या साठच्या साठ जागा जिंकल्या. खुद्द चाचा स्वतःच्या मतदारसंघात हरले. नव्या संसदेनं चागोसच्या व्यवहाराची चौकशी समिती नेमली. ८२ वर्षांचे रामगुलाम समितीपुढे गेले आणि नाही म्हणण्याची सोयच नव्हती, असं त्यांनी सांगितलं. या व्यवहारात धमकावणीचा वास येतो, असा निष्कर्ष समितीने काढला.

१९८३ च्या अखेरीस त्यांना गव्हर्नर जनरल नेमलं गेलं. १५ डिसेंबर १९८५ ला त्यांचं निधन झालं. विमानतळाला त्यांचं नाव दिलं गेलं आणि नाण्यांवर त्यांचा चेहरा आला.

साठ वर्षांनी तोच भाडेपट्टा

मॉरिशसनं पुढे बंदुकीचा नाही, कायद्याचा रस्ता धरला. २०१९ मध्ये आंतरराष्ट्रीय न्यायालयानं मत दिलं की बेटं तोडणं बेकायदेशीर होतं. गळ्यावर सुरी ठेवून घेतलेला होकार हा खरा होकार नव्हे, हे रामगुलाम यांचं म्हणणं एका अर्थानं न्यायालयाने उचलून धरलं. त्याच वर्षी संयुक्त राष्ट्रांच्या महासभेत ११६ देश मॉरिशसच्या बाजूनं उभे राहिले, विरोधात फक्त सहा.

२२ मे २०२५ ला ब्रिटन आणि मॉरिशसनं करारावर सह्या केल्या. त्यात चागोसची मालकी मॉरिशसची मान्य केली, आणि दिएगो गार्सियाचा तळ ब्रिटनकडे ठेवला तो ९९ वर्षांसाठी. मॉरिशसच्या मंत्र्यांनी १९६५ मध्ये मागितली होती, नेमकी तेवढीच मुदत. तेव्हा ती मागणी फेटाळली, तेव्हा रामगुलाम यांचं राज्य होतं. सह्या झाल्या तेव्हा पंतप्रधान होते त्यांचे चिरंजीव, नवीनचंद्र रामगुलाम.

या करारातही दिएगो गार्सियावर मूळ रहिवाशांच्या वस्तीला जागा नाही, पुनर्वसनाची वाट उघडली ती बाकीच्या बेटांपुरती. बोटीत बसवलेल्या पिढीतली जी माणसं अजून हयात आहेत, ती आता म्हातारी झाली आहेत. त्यांचं गाव होतं, तिथे आज धावपट्टी आहे.