कोर्टाचे निकाल छापून ठेवणारा न्यायाधीश, ज्याच्या नावाच्या पदावर पुढे डॉ. आंबेडकर बसले

जून १९३५. डॉ. बाबासाहेब आंबेडकर मुंबईच्या गव्हर्नमेंट लॉ कॉलेजचे प्राचार्य झाले. प्राचार्यपदाबरोबर त्यांच्याकडे आणखी एक पद आलं. त्याचं नाव होतं ‘पेरी प्रोफेसर ऑफ ज्युरिसप्रुडन्स’. बाबासाहेबांच्या चरित्रांत हे नाव एका ओळीत येतं आणि निघून जातं. पण हा पेरी होता कोण?

सर थॉमस अर्स्किन पेरी हे १८४७ ते १८५२ या काळात मुंबईच्या सुप्रीम कोर्टाचे मुख्य न्यायाधीश होते. जगन्नाथ शंकरशेठ यांच्याशी त्यांचं वाजलं होतं. तरुण दादाभाई नौरोजींना बॅरिस्टर करायचं त्यांनी ठरवलं होतं. बाळशास्त्री जांभेकरांच्या आयुष्यातलं सगळ्यात गाजलेलं प्रकरण ज्या निकालानंतर पेटलं, तो निकालही पेरींचाच.

पण त्यांचं एक काम या सगळ्यापेक्षा जास्त टिकलं. त्यांनी मुंबईच्या कोर्टातले निकाल छापून ठेवले. त्या छापील पानांनी पुढे काही हजार घरांमधल्या मुलींचा वारसाहक्क ठरवला.

बाप पत्रकार, मुलगा कोर्टाचा रिपोर्टर

पेरींचा जन्म २० जुलै १८०६ चा. वडील जेम्स पेरी लंडनच्या ‘मॉर्निंग क्रॉनिकल’ या नावाजलेल्या वर्तमानपत्राचे मालक आणि संपादक. पार्लमेंटच्या भाषणांची बातमी लवकर छापता यावी म्हणून आळीपाळीने बसणारे बातमीदार नेमण्याची पद्धत त्यांनी रुजवली. छापलेल्या मजकुरामुळे त्यांच्यावर खटले झाले आणि १७९८ मध्ये तीन महिने तुरुंगातही जावं लागलं. बोललेलं कागदावर आणणं किती महागात पडू शकतं, याचा धडा घरातच होता.

मुलगा केंब्रिजच्या ट्रिनिटी कॉलेजात शिकला, जर्मनीत म्युनिकला राहून आला, राजकारणात उतरला, १८३२ ची निवडणूक हरला आणि १८३४ मध्ये बॅरिस्टर झाला. नव्या बॅरिस्टरकडे अशिलांची रांग नसते. मग पेरींनी त्या काळातल्या अनेक होतकरू वकिलांसारखं केलं. ते ‘लॉ रिपोर्टर’ झाले.

तेव्हा निकाल मिळायचा कुठे?

आज कोर्टाचा निकाल म्हटलं की वेबसाइटवरची पीडीएफ डोळ्यांपुढे येते. दोनशे वर्षांपूर्वी न्यायाधीश निकाल बहुतेकदा तोंडी सांगायचे. कोर्टात बसलेला एखादा वकील त्याची टिपणं काढायचा, दोन्ही बाजूंचे युक्तिवाद थोडक्यात लिहायचा आणि प्रकाशकामार्फत त्याचं पुस्तक विकायचा. हा खासगी धंदा होता. पुढच्या खटल्यात वकील त्या पुस्तकाचा दाखला द्यायचे. म्हणजे जे छापलं गेलं ते कायद्यात राहिलं आणि जे छापलं गेलं नाही ते हवेत विरलं.

अमेरिकेतही असंच होतं. तिथल्या सुप्रीम कोर्टाचे सुरुवातीचे निकाल अलेक्झांडर डॅलस, मग विल्यम क्रँच, मग हेन्री व्हीटन आणि मग रिचर्ड पीटर्स यांनी पुस्तकरूपात आणले. पुस्तकांवर नाव रिपोर्टरचं असायचं. ‘मार्बरी विरुद्ध मॅडिसन’ हा १८०३ चा प्रसिद्ध निकाल वकिलांपर्यंत क्रँचच्या पुस्तकातून गेला. पुढे पीटर्सने जुन्या रिपोर्टरांचे खंड आटोपशीर करून स्वस्तात विकायला काढले, तेव्हा व्हीटनने त्याच्यावर दावा लावला. १८३४ मध्ये कोर्टाने सांगितलं की न्यायाधीशांनी दिलेल्या निकालावर कुठल्याही रिपोर्टरचा कॉपीराइट असू शकत नाही. निकाल सगळ्यांचा.

त्याच वर्षी लंडनमध्ये पेरी वकिलीत उतरले होते. त्यांनी आधी नेव्हिल आणि नंतर डेव्हिसन या सहकाऱ्यांबरोबर किंग्ज बेंच, म्हणजे पुढच्या क्वीन्स बेंच कोर्टाच्या निकालांचे खंड काढले. १८४० मध्ये एक बँक बुडाली आणि तिच्यात पेरींची बरीचशी मालमत्ता गेली. पैशांची गरज होती. त्यांनी न्यायाधीशाची जागा मागितली. जागा मिळाली ती मुंबईची.

एक मुंबई, दोन कायदे

१० एप्रिल १८४१ ला पेरींनी मुंबईत शपथ घेतली. हे ‘सुप्रीम कोर्ट’ म्हणजे आजचं दिल्लीचं नव्हे. इंग्लंडच्या राजाच्या सनदेने १८२४ मध्ये सुरू झालेलं हे कोर्ट मुख्यतः मुंबई शहरापुरतं होतं. शहराबाहेर, पुणे-ठाण्याकडे कंपनीची वेगळी कोर्टं होती आणि त्यांच्या वर सदर अदालत होती. छत्रपती संभाजीनगर, शेंद्रा, जालना हा आपला सगळा भाग तर निजामाच्या राज्यात. दोन्ही कोर्टांचं काही इथे चालत नव्हतं.

सुप्रीम कोर्टाचा कायदा इंग्रजी. पण वारसा, करार अशा बाबतींत हिंदूंना आणि मुसलमानांना त्यांचे कायदे आणि रूढी लावायच्या, असं सनदेत होतं. प्रश्न एवढाच की धर्मग्रंथ एक सांगतो आणि समाज दुसरंच वागतो, तेव्हा कोर्टाने काय मानायचं? आधीच्या न्यायाधीशांनी काय मानलं होतं हे शोधायला धड पुस्तकं नव्हती. लंडनमध्ये निकालांचे खंड काढलेल्या माणसाला ही उणीव लगेच टोचली असणार.

श्रीपतची केस

१८४३ मध्ये नारायण शेषाद्री या ब्राह्मण तरुणाने ख्रिस्ती धर्म स्वीकारला. त्याचा धाकटा भाऊ श्रीपतही स्कॉटिश मिशनरी रॉबर्ट नेस्बिट यांच्याकडे राहायला गेला. श्रीपत जेमतेम बारा वर्षांचा. वडील कोर्टात गेले. मुलाला मिशनऱ्यांकडेच राहायचं होतं. पेरींनी अल्पवयीन मुलाचा ताबा बापाला दिला.

कोर्टाचं काम तिथे संपलं, समाजाचं सुरू झालं. मिशनऱ्यांकडे राहून आलेल्या मुलाला जातीत परत घ्यायचं का? बाळशास्त्री जांभेकर त्याच्या मागे उभे राहिले, प्रायश्चित्त देऊन त्याला परत घ्यावं म्हणून झटले आणि त्यासाठी सनातन्यांचा रोष पत्करला. मोठा भाऊ नारायण पुढे रेव्हरंड नारायण शेषाद्री म्हणून ओळखला गेला. शेंद्र्यावरून जो रस्ता जालन्याला जातो, त्या जालन्याजवळ त्यांनी ‘बेथेल’ नावाची ख्रिस्ती वसाहत उभी केली.

मुलींना वाटा मिळणार का?

१८४७ मध्ये पेरी मुख्य न्यायाधीश झाले आणि त्याच वर्षी त्यांच्यापुढे तो खटला आला, ज्यासाठी वकील त्यांना आजही ओळखतात.

हिरबाई आणि गंगबाई या खोजा समाजातल्या, रहिमतबाई मेमन समाजातल्या. मागणी साधी होती. आम्ही मुसलमान आहोत, कुराणात मुलीला वाटा सांगितला आहे, तो द्या. आगाखानांच्या बाजूच्या लोकांचा कलही कुराणातल्या नियमाकडे होता. समोरच्या बाजूचं म्हणणं असं की आमच्यात पिढ्यान्‌पिढ्या मुलींना वाटा देत नाहीत. मुलीला लग्नापर्यंत सांभाळायचं आणि लग्नाचा खर्च करायचा, एवढाच तिचा हक्क.

पेरींनी समाजातल्या लोकांच्या साक्षी घेतल्या. रूढी खरोखर अशीच आहे, हे त्यांना पटलं. मग त्यांनी ठरवलं की सनदेने इथल्या लोकांना त्यांच्या चालीरीती राखण्याचं वचन दिलं आहे, म्हणून ग्रंथात वेगळं असलं तरी सिद्ध झालेली रूढी चालेल. मुली हरल्या.

या निकालाकडे दोन बाजूंनी बघता येतं. इंग्रज न्यायाधीशाने पुस्तकातला धर्म न लादता माणसं कशी जगतात ते बघितलं, ही एक बाजू. दुसरी अशी की रूढी काय आहे, हे ज्यांनी सांगितलं त्यांनाच त्या रूढीचा फायदा होता. साक्ष समाजातल्या वजनदार पुरुषांची, नुकसान मुलींचं.

शाळा कोणासाठी?

पेरी सुमारे दहा वर्षं मुंबईच्या बोर्ड ऑफ एज्युकेशनचे अध्यक्षही होते. उच्च शिक्षण इंग्रजीतूनच हवं, हा त्यांचा आग्रह. बोर्डातले जगन्नाथ शंकरशेठ आणि कर्नल जर्व्हिस मराठी-गुजरातीच्या बाजूने ठामपणे उभे राहिले. हा वाद बरीच वर्षं चालला.

एल्फिन्स्टन कॉलेजातल्या दादाभाईंची हुशारी बघून पेरींनी त्यांना इंग्लंडला कायदा शिकायला पाठवायचं ठरवलं आणि निम्मा खर्च स्वतः देऊ केला. बाकीचा निम्मा पारशी समाजातल्या मोठ्या लोकांनी द्यायचा होता. पण मुलगा तिकडे जाऊन ख्रिस्ती होईल, या भीतीने बेत बारगळला.

त्याच पेरींच्या बोर्डाचं धोरण मात्र असं होतं की पैसा कमी आहे, तर आधी वरच्या वर्गांना शिकवावं. त्याच काळात पुण्यात जोतीराव आणि सावित्रीबाई फुले मुलींसाठी आणि अस्पृश्य मुलांसाठी शाळा चालवत होते, हे लक्षात घेतलं की या धोरणाचा अर्थ जास्त टोचतो.

मुंबई सोडली, पुस्तक राहिलं

१८५२ मध्ये पेरी निवृत्त झाले. मुंबईकरांनी त्यांच्या गौरवासाठी सुमारे पाच हजार पौंड जमवले. तो पैसा कायदा शिकवण्यासाठी वापरा, असं पेरींनी सुचवलं. त्यातून पेरी प्राध्यापकपद उभं राहिलं आणि १८५५ मध्ये मुंबईत कायद्याचे वर्ग सुरू झाले. तेच आजचं गव्हर्नमेंट लॉ कॉलेज.

१८५३ मध्ये लंडनमध्ये पेरींचं निकालांचं पुस्तक निघालं. लांबलचक नावाच्या या पुस्तकाला वकील ‘पेरीज ओरिएंटल केसेस’ म्हणतात. खोजा-मेमन खटला, श्रीपतची केस, नवऱ्याविरुद्ध कोर्टात गेलेल्या पेरोझबाई या पारशी बाईंची केस, सगळं त्यात आलं. निकाल देणारा आणि निकाल छापणारा एकच माणूस. कुठला खटला ठेवायचा, कुठला गाळायचा, हेही त्याच्याच हातात.

छापल्याचा परिणाम दोन्हीकडे झाला. १८६६ च्या गाजलेल्या आगाखान खटल्यात पेरींच्या खोजा निकालाची दखल घेतली गेली. खोजा आणि कच्छी मेमन कुटुंबांच्या वारशाचे वाद पुढे अनेक दशकं त्याच वाटेने गेले. रूढीची ही पकड सुटायला १९३७ चा शरीयत कायदा यावा लागला, आणि त्यातूनही शेतजमीन वगळलेलीच होती. म्हणजे १८४७ मध्ये मुली हरल्या आणि त्यांच्यानंतरच्या मुलींना तब्बल ९० वर्षं तोच दाखला ऐकावा लागला.

पण छापलेलं तपासताही येतं. पेरोझबाईंना पेरींच्या कोर्टाने दिलेला न्याय प्रिव्ही कौन्सिलने १८५६ मध्ये फिरवला. इंग्रजी चर्चचा विवाह कायदा पारशांना लावता येत नाही, असं तिथे ठरलं. पारशांना विवाहाचा स्वतंत्र कायदा हवा, हे त्यामुळे उघड झालं आणि १८६५ मध्ये तो आला.

लंडनमधले पेरी

पेरी १८५४ मध्ये डेव्हनपोर्टमधून खासदार झाले. तेव्हा इंग्लंडमध्ये लग्न झालं की बाईची मिळकत नवऱ्याची व्हायची. १८५६ मध्ये हजारो बायकांच्या सह्यांचा अर्ज पार्लमेंटपुढे गेला, तेव्हा हाउस ऑफ कॉमन्समध्ये तो पेरींनी मांडला. पुढच्या वर्षी त्यांनी विवाहित स्त्रियांच्या मालमत्तेचं विधेयकही आणलं. ते मंजूर झालं नाही, पण चळवळ थांबली नाही.

मुंबईत मुलींचा वाटा नाकारणारा आणि लंडनमध्ये बायकांच्या मालमत्तेसाठी भांडणारा माणूस एकच. न्यायाधीश म्हणून त्याने सनदेने सांगितलेली चाल पाळली. खासदार म्हणून कायदाच बदलायला गेला. दोन खुर्च्यांमधला हा फरक कायद्याचा विद्यार्थी आजही शिकतो.

१८५९ पासून पेरी लंडनच्या इंडिया कौन्सिलमध्ये होते. २२ एप्रिल १८८२ ला त्यांचं निधन झालं. विवाहित स्त्रियांना मालमत्तेचा पूर्ण हक्क देणारा इंग्लंडचा कायदा त्याच वर्षी, त्यांच्यानंतर चार महिन्यांनी झाला.

आणि ते पद

भारतात १८७५ च्या कायद्याने हायकोर्टांचे निकाल सरकारी देखरेखीखाली छापणं सुरू झालं. २००७ मध्ये आपल्या सुप्रीम कोर्टानेही स्पष्ट केलं की निकालाच्या मूळ मजकुरावर कुणाचा कॉपीराइट नसतो. आज छत्रपती संभाजीनगर खंडपीठाचा निकाल शेंद्र्यातला कुणीही मोबाइलवर फुकट वाचू शकतो. पेरींच्या काळात त्यासाठी एखाद्या वकिलाने तो लिहून घ्यावा आणि कुणीतरी छापावा लागायचा.

छापून ठेवलेल्या कागदांचा उपयोग कसा करायचा, हे बाबासाहेबांना नेमकं माहीत होतं. पेरी प्राध्यापक होण्याच्या सात वर्षं आधी, १९२८ मध्ये, त्यांनी सायमन कमिशनपुढे निवेदन दिलं. अस्पृश्यांना शिक्षणापासून सरकारनेच कसं लांब ठेवलं, हे दाखवायला त्यांनी मुंबईच्या बोर्ड ऑफ एज्युकेशनचा १८५०-५१ चा अहवाल पुढे केला. त्या बोर्डाचे तेव्हाचे अध्यक्ष होते सर अर्स्किन पेरी.