हसविणाऱ्याची उपेक्षा

धानाची कापणी आटोपली की चंद्रपूर-गडचिरोलीच्या झाडीपट्टीत नाटकांचे मंडप उभे राहतात. देसाईगंज-वडसा ही या रंगभूमीची पेठ. तेथे अश्रूंइतकाच विनोदालाही मान असतो. परंतु शिष्टसंमत कलेच्या हिशेबात त्या विनोदाची नोंद क्वचितच होते. विदर्भातच जन्मलेल्या भगवान आबाजी पालव, म्हणजेच भगवानदादा, यांची जीवनकथा या दृष्टीने मननीय आहे.

त्यांचा जन्म १ ऑगस्ट १९१३ रोजी अमरावतीचा. वडील मुंबईत गिरणी कामगार होते. मजुरी आणि कुस्ती करीत भगवान मूकपटात शिरले. १९३८ साली त्यांनी चंद्रराव कदम यांच्यासमवेत ‘बहादुर किसान’ दिग्दर्शित केला. त्यानंतर दशकभर त्यांनी अल्प खर्चाचे मारधाडपट काढले. १९४९ च्या ‘भेदी बंगला’त त्यांनी भयरहस्याची वाट चोखाळली. दिवसभर यंत्रापुढे राबलेल्या माणसाला घटकाभर दचकावे आणि घटकाभर हसावे, एवढेच हवे असते, हे ते जाणून होते. सुशिक्षितांनी मात्र या चित्रपटांकडे पाठच फिरविली.

राज कपूर यांच्या सल्ल्यावरून त्यांनी सामाजिक चित्रपट काढला. गीता बाली यांच्या साथीने आणि सी. रामचंद्र यांच्या संगीताने १९५१ चा ‘अलबेला’ देशभर गाजला. स्थूल देह, जेमतेम उचललेली पावले आणि सैल झुलणारे हात, एवढ्यावर भगवानदादांचे नृत्य उभे होते. कोणालाही जमावे असे ते होते. म्हणूनच ते वराती-मिरवणुकींत पोहोचले आणि म्हणूनच पंडितांनी ते क्षुल्लक मानले.

पुढच्या चित्रपटांना ते यश लाभले नाही. जुहूचा बंगला गेला, मोटारी गेल्या, चेंबूरचा स्टुडिओही गेला. एकेकाळचा निर्माता किरकोळ भूमिकांवर गुजराण करू लागला. ४ फेब्रुवारी २००२ रोजी दादरच्या चाळीत त्यांचे निधन झाले. त्यांच्या जीवनावर ‘एक अलबेला’ हा मराठी चित्रपट निघाला तो २०१६ साली, म्हणजे मृत्यूनंतर चौदा वर्षांनी.

व्यवहारात भगवानदादा चुकले असतील; परंतु एका माणसाच्या बेहिशेबीपणावर बोट ठेवून समाजाला सुटता येणार नाही. हसविणाऱ्याला टाळ्या द्यायच्या आणि प्रतिष्ठा गंभीर कलावंतासाठी राखून ठेवायची, ही आपली जुनी खोड आहे. झाडीपट्टीच्या मंडपात आज जो विनोदी नट रात्र जागवितो, त्याच्या म्हातारपणाची तरतूद त्याचे पाय थिरकत आहेत तोवरच व्हावयास हवी. मृत्यूनंतरचा गौरव त्याच्या उपयोगाचा नाही.