आयबीएमची माणसं दारात आणि गॅरी किल्डॉल विमानात! किश्शामागची खरी गोष्ट

कॉम्प्युटरमधला 'सी ड्राइव्ह' सगळ्यांच्या ओळखीचा. ड्राइव्हला ए, बी, सी अशी अक्षरं देण्याची पद्धत मायक्रोसॉफ्टच्या डॉसमध्ये आली ती सीपी/एम या ऑपरेटिंग सिस्टीमवरून. सीपी/एम आता इतिहासजमा झाली. ती बनवणारे गॅरी किल्डॉल मात्र एका किश्शापुरतेच लोकांच्या लक्षात राहिले.

किल्डॉल यांचा जन्म १९४२ चा, अमेरिकेतल्या सिॲटलचा. कॅलिफोर्नियात मॉन्टेरे इथल्या नौदलाच्या संस्थेत ते शिकवायचे. १९७४ मध्ये त्यांनी सीपी/एम तयार केली आणि पुढे पत्नी डोरोथी यांच्यासोबत डिजिटल रिसर्च ही कंपनी काढली.

त्या काळी प्रत्येक कंपनीचं मशीन वेगळं. एका मशीनचा प्रोग्रॅम दुसऱ्यावर चालेल याची खात्री नसायची. किल्डॉल यांनी मशीनशी थेट बोलणारा भाग बाजूला काढला आणि त्याला बायोस नाव दिलं. नव्या मशीनसाठी तेवढाच भाग बदलायचा, बाकी सिस्टीम तीच. त्यामुळे सीपी/एम कितीतरी कंपन्यांच्या मशीनवर पोहोचली.

१९८० मध्ये आयबीएमची माणसं बोलणी करायला आली. किल्डॉल तेव्हा मजेत विमान उडवत होते, म्हणून सौदा हुकला, असा किस्सा सांगितला जातो. विमान ते चालवत होते हे खरं, पण एका ग्राहकाकडे कामासाठी गेले होते. इकडे गोपनीयतेच्या करारावर सही करायला डोरोथी तयार नव्हत्या. बोलणी अडली आणि आयबीएम मायक्रोसॉफ्टकडे वळली. मायक्रोसॉफ्टने सिॲटलच्याच एका कंपनीकडून सीपी/एमच्या धर्तीवर बनलेली सिस्टीम विकत घेतली. तीच पुढे डॉस झाली.

खरा फटका बसला तो किमतीत. किल्डॉल यांनी तक्रार केल्यावर आयबीएमने आपल्या पीसीसाठी सीपी/एमही विकायचं कबूल केलं. पण डॉस ४० डॉलरला आणि सीपी/एम २४० डॉलरला. सहापट पैसे कोण मोजणार?

१९९१ मध्ये नॉव्हेलने डिजिटल रिसर्च विकत घेतली. किल्डॉल यांच्याकडे पैसा आला, पण हुकलेल्या सौद्याची गोष्ट काही पाठ सोडेना. १९९४ मध्ये डोक्याला मार लागल्याचं निमित्त होऊन वयाच्या ५२ व्या वर्षी ते गेले.

२०१४ मध्ये पॅसिफिक ग्रोव्ह इथल्या त्यांच्या जुन्या ऑफिसबाहेर आयईईई या अभियंत्यांच्या संघटनेने स्मृतिफलक लावला. तो हुकलेल्या सौद्याचा नाही, सीपी/एमचा आहे.